क्षय नवमी

१६ एप्रिल १९५३
खरंच आहे ते!
बेटम्याची मोटार जिथे उतरवते तिथे एरवी नुसतं रान असतं. आज दगडी फाटक होतं. अधिक महिना लागला की कालविद्यापीठ दिसतं, महिना सरला की पुन्हा रान. दत्तोपंतांनी पत्रात लिहिलं होतं अगदी तसंच. ते तिथले ग्रंथपाल. त्यांना मोडी वाचणारं माणूस हवं होतं. मी आधीच सांगितलं, कुणापाशी शिकले नाही. आमचे हे दफ्तरात कारकून होते, तिथले रद्दी कागद आणत, त्यावरून आपलं आपण जमवलं. "तेच टिकतं," दत्तोपंत म्हणाले.
अंगणात आंबा आहे. एका फांदीला मोहर, दुसरीला पाड, तिसरी पार बोडकी. विद्यार्थी खाली बसून वहीत काय काय टिपत होते. मी आपली मान वर करून उभी. पदर घसरला तेही कळलं नाही.

१७ एप्रिल
पंचांगात गळलेल्या तिथ्या इथे येऊन राहतात! सूर्योदय न बघताच संपून जातात त्या — क्षय तिथ्या. प्रत्येकीची एक पोथी. लिहिणारा कुणी नाही, अक्षरं आपोआप उमटतात, तीही मोडीतच. माझं काम वेष्टनावरची ओळ वाचून यादी करायची.
श्रावणातल्या पोथ्या ओलसर लागतात. मार्गशीर्षातल्या हातात धरवत नाहीत, बोटं गारठतात. काही फार जाड आहेत. मला वाटलं, त्या दिवशी मोठं काही घडलं असेल. दत्तोपंत म्हणाले, उलट. काही मोठं घडलं की लोक बाकीचं सगळं विसरतात. जाड पोथ्या काहीच न घडलेल्या दिवसांच्या.
दिवसभर तेच डोक्यात.

२० एप्रिल
मध्यभारत शासनाने विद्यापीठाचा वार्षिक अहवाल मागितलाय. दत्तोपंतांनी चुकून पुढच्या वर्षीचा पाठवला. नऊ वर्षांनी मी अशी हसले.

२३ एप्रिल
सापडली.
वैशाख वद्य नवमी, नऊ वर्षांपूर्वीची. मला ठाऊक होतं ती इथे असणार. अष्टमीचा सूर्य उगवल्यावर लागली, दशमीचा उगवायच्या आत संपली. हे त्यातच गेले. श्राद्ध कधी यावर भटजी एक सांगतात, जाऊबाई दुसरं. मी दोन्ही दिवशी पान वाढते.
पोथी तापलेल्या तव्यासारखी होती. ते ऊन मला आठवतं.

२४ एप्रिल
दत्तोपंतांना विचारलं. पोथी एकदाच उघडते, एकाच माणसासाठी. गेलेल्याचं नाव मोठ्याने घ्यायचं, मग त्याचं पान निघतं. वाचू तसतशी अक्षरं पुसत जातात. शेवटी पोथी कोरी.
"नाव घ्यावं लागेल, बाई."
लाजले! या वयात, या वेशात. हळदीकुंकवाला मला आता कुणी नाव घ्यायला सांगत नाही. ह्यांचं नाव मी लिहिलं आहे पुष्कळदा. लग्नकार्यात जोडे बदलतात म्हणून त्यांच्या जोड्यांच्या आत दाभणाने मोडीत टोचलंसुद्धा होतं. पण तोंडाने उखाण्याबाहेर कधी नाही.

२ मे
आठ दिवस रोज पोथीसमोर बसते नि उठते. आज स्वतःशी खरं लिहिते. नावाचं निमित्त आहे. मला भीती वाटते.
त्या दिवशी हे चारला दफ्तरातून निघाले. सातच्या सुमाराला छावणीत रस्त्यावर पडलेले सापडले. ऊन लागून गेले, डॉक्टर म्हणाले. पण छावणीत ह्यांचं काय काम? आणि पाय अनवाणी. "जोडे कुणाच्या दारात राहिले, देव जाणे" — तेराव्याच्या पंक्तीत मागून आलेले शब्द. कोण बोललं ते मी वळून पाहिलं नाही. तीन तास. नऊ वर्षं मी त्या तीन तासांच्या उंबऱ्यावर उभी आहे.

५ मे
इथे पाणी भरणारी सखुबाई आज माझ्याजवळ बसली. पोथीला हात लावून बघितला नि म्हणाली, ऐसाच धूप होता त्या दिवशी. तिची दहा वर्षांची गंगू त्याच नवमीला गेली. ही बंगल्यावर कामाला. पोर डबा द्यायला निघाली आणि वाटेत पडली. दवाखान्यात कुणीतरी पोचवलं होतं. ही गेली तोवर संपलेलं.
"अकेली होती का, बाईजी, एवढंच समजलं पाहिजे. मला आवाज दिला असेल तर?" मग हसली. "नाव तर मी घेते, पण वाचणार कोण? मेरे लिए तर काला अक्षर भैंस बराबर."
तिने मागितलं नाही काहीच. घागर उचलून गेली.

११ मे
परवा महिना सरतो. सखुबाईला सांगितलं, गंगूचं नाव घे, मी वाचते. तिने माझे पाय धरले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मोठेपणा नव्हता तो माझा. सुटले असं वाटलं होतं मला.

१२ मे
सखुबाईने हाक मारावी तसं नाव घेतलं. पोथी उघडली आणि सगळ्या दालनात ऊन पडलं! कपाटांच्या सावल्या आखूड झाल्या. गरम वाऱ्याची लू सुटली. दत्तोपंतांनी डोळ्यांवर हात धरला.
मी वाचत गेले. बोटामागे अक्षरं विझत गेली. गंगू छावणीच्या रस्त्यात बसली आहे. पाय भाजताहेत. एक कारकून थांबतो. पाणी पाजतो. आपले जोडे काढून तिच्या पायांत घालतो. ते फार मोठे, ती हसते. दोन पावलं टाकून पुन्हा बसते. मग तो तिला उचलून घेतो नि दवाखान्याच्या वाटेला लागतो, अनवाणी.
इथे माझं बोट थांबलं. "थांबू नका, बाईजी," सखुबाई म्हणाली.
पोर विचारते, तुमचं नाव काय? तो म्हणतो, "काय सांगू? आमच्या घरी ते कुणी घेतच नाही."
पोर पुन्हा हसते. आईला आवाज देत नाही. त्याच्या खांद्यावर झोपते.
पुढे कोरं.

१४ मे
रान झालं. सखुबाई घरी आली होती, पदराखाली जुने जोडे. दवाखान्यातून गंगूच्या कपड्यांबरोबर मिळाले होते, तिने जपून ठेवले. आत बोट फिरवत म्हणाली, "हे काय लिहिलंय, बाईजी?"
"लक्ष्मीकांत," मी म्हटलं. मोठ्याने.