बुडवून वर काढलेला गणपती

मंगळवार, संध्याकाळ. पेण.

आईनं दोनदा जेवायला हाक मारली. तिच्यासमोर बसायची हिंमत नाही.

आज रोह्याला, कुंडलिकेच्या घाटावर माझ्या पिक्चरमधला विसर्जनाचा सीन होता. मूर्ती घरच्याच, दादाच्या कारखान्यातली, शाडूची. गर्दीत उभं राहायला आईला मीच आग्रहानं नेलं. मूर्ती पाण्यात गेली आणि कॅमेरामन म्हणाला, फोकस गेला. मी निर्माता ना! ओरडलो, "बाहेर काढा, रिटेक!"

पोरांनी गणपती वर काढला. एक डोळा पुसला गेला होता.

आई पुढं आली. "बुडवलेला देव परत काढतात काय रे?"

"आई, हा शूटिंगचा आहे. याची पूजा कुठं झालीय?"

"मी केली सकाळी. नैवेद्य पण दाखवला. घरातून तसाच कसा पाठवणार?"

तिथं थांबता आलं असतं. मी काय केलं? पुसलेला डोळा दिसू नये म्हणून मूर्ती फिरवायला लावली आणि आईला आधीच्याच जागी उभं केलं. तिनं पुन्हा हात जोडले. रडली. दिग्दर्शक म्हणाला, "काकू किती नॅचरल!" मी हसलो. का हसलो?

तो डोळा नजरेसमोरून हलत नाही.

परतताना वडखळ आलं. आईनं एवढंच विचारलं, "आता तरी नीट गेला ना रे तो?"

मी हो म्हटलं. आई गाडीत बसल्यावर पुन्हा वर काढलेला गणपती मागच्या टेम्पोत होता, फडक्यात गुंडाळलेला. उद्या त्याचा क्लोजअप आहे. डोळा परत आखायला मीच दादाला सांगितलंय.