बकरीचा आवाज

वाशिंद,
मार्च २००५

प्रिय रविंद्र,

तुझ्या नव्या सीडीच्या वेष्टनावर तुझा फोटो पाहिला. काळा चष्मा, हातात माईक. आता कल्याणपर्यंत तुझी पोस्टरं लागतात म्हणे. तुझ्या भाच्यांना अप्रूप वाटतं, मला ती बघवत नाहीत. ताईचा नेहमीचा तिरसटपणा म्हणशील. म्हण.

म्हसा गावच्या जत्रेतला तो सिनेमाचा तंबू आठवतो? व्हिडिओचा आवाज गेला, लोक आरडाओरडा करायला लागले, तेव्हा तू माईक घेऊन पडद्याशेजारी उभा राहिलास आणि नायक, डाकू, घोडा, सगळ्यांचं एकट्यानेच बोललास. गोळी लागूनही भाषण न संपवणाऱ्या नायकाला म्हणालास, "मर ना रे लवकर, आमची एसटी नाय थांबायची!" मी पोट धरधरून हसले. मग लोक मुद्दाम टुकार सिनेमेच मागू लागले. मुरबाड, शहापूर, भातसानगरची कॉलनी, सगळीकडे तुझे खेळ. मला फार अभिमान होता तुझा. वाईट सिनेमे करून मोठ्या झालेल्या नटांची तू टिंगल करायचास, त्यात कुणाचं काय जात होतं?

पुढे तुला टुकार सिनेमेही पुरेनात. कॉपी काढून देतो म्हणून माझ्या लग्नाची कॅसेट नेलीस आणि त्यावर तुझी बडबड चढवून बाजारात सीडी आणलीस. गोदूआत्या पहिल्यांदाच कॅमेऱ्यासमोर आली म्हणून हात जोडून उभी राहिली, तिला तू भिकारीण केलीस. माझ्या नवऱ्याच्या ढगळ कोटाचं जाऊ दे, तो स्वतःच हसतो. पण माझी पाठवणी करताना बाबा आ वासून रडले, तिथे तू बकरीचा आवाज काढलास. शिसारी येते रे मला तुझी. बाबांच्या दंडाला धरून तूही रडत होतास ना तिथे? तेवढं मात्र बरोबर कापलंस.

बाबांना वाईट वाटलं नाही, हे तर त्याहून किळसवाणं. त्या मोठ्या तापानंतर त्यांना काहीच ऐकू येत नाही, हे तुला ठाऊक होतं. त्यांनी फक्त लोक हसताना पाहिले. "रवीनं मला शिनेमात घेतला," असं सांगत ते ती सीडी पिशवीत घालून घरोघर नेतात. कुणाच्या हळदीला पोरं त्यांना मध्ये ओढतात, रडून दाखवा अशी खूण करतात, आणि ते हौसेने तोंड उघडतात. पोरं बें बें करतात. परवा कोंडूकाकांनी एकाच्या कानाखाली वाजवली, तर बाबा काकांवरच रागावले.

हेही मी गिळलं असतं. पण गेल्या आठवड्यात शहापूरच्या शिबिरात बाबांचे कान तपासले. मशीन लावून पाहिलं आणि त्यांना माझी हाक ऐकू आली. आम्ही दोघंही तिथेच रडलो. येत्या रविवारी त्यांचं मशीन घरी येणार आहे. सगळ्यात आधी काय ऐकणार, असं तिथलं मशीन काढायच्या आधी मी विचारलं. म्हणाले, "माझा रवी माज्याबद्दल काय बोलला, तेच पयला ऐकायचाय गो." माझ्याकडची सीडी मी केव्हाच चुलीत घातली, पण त्यांच्या पिशवीत हात घालायची माझी छाती होत नाही. तू रविवारी सकाळी ये. सीडी लपवायला नको येऊस. त्यांच्यासमोर बस, मशीन तुझ्या हाताने लाव, आणि बकरीचा आवाज कुणाचा होता ते त्यांना तूच सांग.

तुझीच,
रंजिताताई