राहूदे

४ मार्च

सूप परत. चमचा ओठाला लागायच्या आतच सासूबाई म्हणाल्या, "राहू दे." अर्धांगाचा झटका आल्यापासून एवढे दोनच शब्द त्यांच्या तोंडात उरलेत. नेमके हेच! "या, बसा" उरले असते तरी चाललं असतं.

५ मार्च

दूध – राहू दे. कुस्करलेलं केळं – राहू दे. डॉक्टर म्हणाले, तोंडाने काही गेलं नाही तर शुक्रवारी नाकातून नळी घालू. त्यांनाही त्या तेच म्हणाल्या.

६ मार्च

नणंद आली. मी भरली वाटी परत नेत होते, तिने दारातच अडवलं.

"कुठे नेतेस, वहिनी?"

"आई नको म्हणतायत."

"नको कुठे? राहूदे मागतेय ती! आपली चांदीची भांडी!"

मग म्हणे, आजीच्या वेळचा तो सेट. पाहुणे आले की आजोबा विचारायचे, चांदीची काढू का? आजीचं ठरलेलं – राहू दे. पोरांना वाटलं, भांड्यांचं नावच ते. पुढे सगळं घर तसंच म्हणायला लागलं.

हे डोकं खाजवत म्हणाले, "मला कसं आठवत नाही?"

"तुला शाळेत विसरलेला डबा तरी कधी आठवायचा?"

तेही खरंच.

एकोणीस वर्षं झाली मला या घरात. चांदी कपाटात आहे हे ठाऊक होतं, तिला नाव आहे हे नव्हतं. मला सांगतंय कोण! रागच आला. मग लाज वाटली. बाई बिचारी भांडी मागतेय आणि मी जेवण उचलून नेतेय!

७ मार्च

ताट, वाट्या, पेला, चमचा – सगळं काळं ठिक्कर. दंतमंजनाने घासलं. माझे हात काळे, ओटा काळा, पुसायला घेतलेला ह्यांचा शर्टही काळा. हे तर लांब उभं राहून नुसत्या सूचना देत होते.

चमचा पुढे केला. "राहू दे."

"हो, तीच आहेत, आई! बघा तरी!"

पुन्हा, "राहू दे." आणि माझ्याकडे असं पाहिलं, जणू झटका मला आलाय. मी हटले नाही. मागतायत ना त्या! शेवटी तोंड उघडलं. अर्धी वाटी गेली!! स्वयंपाकघरात जाऊन मनसोक्त रडले.

८ मार्च

नळी टळली. डॉक्टरांनी वाटी उलटी करून खालचा छाप पाहिला.

१३ मार्च

प्रत्येक घासाला "राहू दे". मी म्हणते, "हो हो, राहूदेच." आमचं छान जमलंय.

१९ मार्च

नणंदेचा फोन. आई किती जेवली? म्हटलं, अख्खी वाटी. तिकडे ती रडायलाच लागली.

"वहिनी, त्या भांड्यांना नाव-बिव काही नव्हतं गं. आई नकोच म्हणत होती. माझ्याने ते ऐकवेना."

म्हटलं, ठेवते, त्यांच्या सूपची वेळ झाली.