आईंच्या आवाजात

प्रिय हट्टोबा,

तू काठी न घेता कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत गेलास आणि ब्रेड शिळा दिला म्हणून दुकानदाराशी हुज्जत घालून आलास, असं आईंनी कळवलं. ऐकून फार बरं वाटलं. भांडायची ताकद आली म्हणजे माणूस निम्मा बरा झाला. आता गॅलरीतल्या फरशीवर नाही, पलंगावर झोपतोस म्हणे, आणि उशीखाली बिस्किटं लपवणंही बंद केलंस. आईंच्या पोटात काही राहत नाही, तुला ठाऊकच आहे.

मी इकडे ताईकडे ठीक आहे. तिच्या शिवणाच्या खोलीत गादी टाकलीय, पाय पसरले की मशीनला लागतात. ताई दिवसभर बोलते आणि मी नुसती हूं हूं करते. हो, मीच. जिचं तोंड बंद व्हावं म्हणून तू कानात बोटं घालायचास ती.

त्या हिवाळ्याबद्दल आपण कधी बोललोच नाही. तुमचं बचाव पथक डोंगरावरच्या निवाऱ्यात अडकलेलं, बर्फ थांबत नव्हता, आणि मी खाली तळावर वायरलेसपाशी. खालच्या जगातलं तुझ्यापर्यंत काही पोचत असेल तर तो माझा आवाज. प्रत्येक निरोप दोनदा सांगायची आपली पद्धत. थांबा, हलू नका. थांबा, हलू नका. वादळच तसं होतं, आजही मी तेच सांगेन. पण तुमचा स्वयंपाकी तुझ्या मांडीवर डोकं ठेवून शेवटचे श्वास घेत होता, तू पुन्हा पुन्हा विचारत होतास, याला घेऊन निघू का, आणि मी प्रत्येक वेळी तेच. दोनदा. तुम्हाला खाली आणल्यावर डॉक्टरांनी तुझ्या पायाची बोटं काढली, तेव्हा मला वाटलं, चला, एवढ्यावर निभावलं.

मग घरी एकदा मी स्वयंपाकघरातून हाक मारली. चहा झालाय, ये. चहा झालाय, ये. सवयीनेच. बाहेर येऊन बघते तर तू भिंतीला पाठ लावून उभा, एका पायात बूट, दुसरा हातात. मी हसण्यावारी नेलं. पण पुढे रोज तेच. व्यायाम शिकवणाऱ्या बाईंशी हसायचास, आईंवर खेकसायचास, शेजाऱ्यांबरोबर पत्ते कुटायचास. मी काही बोलले की हातातला घास हातातच. तुझ्या ते लक्षातही येत नव्हतं. मी कुजबुजून पाहिलं, खुणांनी बोलून पाहिलं. शेवटी तुझ्या मनाच्या डॉक्टरबाईंना गाठलं. त्या म्हणाल्या, “त्याचं शरीर अजून वरच आहे. तुमचा आवाज आला की ते खाली उतरायचं थांबतं.” मी बाहेरच्या बाकावर बसून ढसाढसा रडले, आणि त्याच आठवड्यात ताईकडे आले. तुला सांगितलं असतं तर हट्टाने मला समोर बसवून बोलायला लावलं असतंस आणि दात आवळून ऐकत राहिला असतास. म्हणून आईंनाही न सांगण्याची शपथ घातली.

आता एक चोरी सांगते. संध्याकाळी आई मला फोन लावून टेबलावर ठेवतात. मी इकडे तोंडावर हात धरून तुला ऐकते. तुझं खोकणं, पत्त्यांवरून चाललेली कुरकुर, सगळं. काल तू आईंना विचारलंस, “माझा पाय असा झाला म्हणून ती गेली का?” आई शपथेने बांधलेल्या. आणि मला ओरडून नाही म्हणता येईना. वेड्या, तुझे दोन्ही पाय गेले असते तरी मी तुला उचलून फिरवलं असतं. मी कधी परत येईन, येईन की नाही, मला खरंच माहीत नाही. पण पायामुळे नाही, एवढं तुला कळायलाच हवं होतं. स्वतः वाचलं असतंस तर मनात माझाच आवाज आला असता, म्हणून पाकिटावर आईंचं नाव घातलं. आत्ता त्याच वाचून दाखवताहेत ना? आई, थांबू नका, डोळे पुसा आणि खालची ओळही वाचा.

तुझीच,
बडबडी