गोगलगायीच्या वळणाचा शब्द

सोमवार, ३० ऑक्टोबर

क्रीऽऽच — जुन्या लाकडातून लांब खिळा उपटताना होतो, तो आवाज. आज पहाटे त्यानंच जाग आली. आता इथे कोण खिळे उपटतंय! सत्तावन्न वर्षं झाली त्या आवाजाला. बेटाला स्वातंत्र्य मिळालं त्याच वर्षी मळेवाल्यानं सोरेल गॅपची जमीन विकली. जमीन त्याची, घरं आमची. मग काय — फळ्यांवर खडूनं आकडे घातले, खिळे उपटले, भिंती लॉरीवर रचल्या आणि ज्याला जिथे चार दगडांवर घर टेकवायला जागा मिळाली तिथे तो गेला. आठवड्यात गाव संपलं. मागे दगड उरले आणि एक चिंचेचं झाड.

हे सगळं आज आठवायचं कारण म्हणजे उद्या ती शब्दकोशवाली मुलगी येणार आहे. केरीअ‍ॅन होल्डर तिचं नाव. रेडिओवर म्हणाली, बेटावरचे जुने शब्द कुणाला ठाऊक असतील तर फोन करा. मी केला. माझ्याकडे एक आहे, म्हटलं. गोगलगायीच्या शंखासारख्या वळणाचा शब्द. कॉक्ली.

मंगळवार, ३१ ऑक्टोबर

आली! हातात वही, पायात बूट चिखलाचे. जोसेलिननं मॉबी, झाडाच्या सालीचं सरबत, दिलं — लेकीच्या हातचं मॉबी कडू होतं, पण पाहुणी सगळं प्यायली. शहाणी आहे.

मी पहिल्यापासून सांगितलं. फार्नम मास्तर एकदा बागेतली गोगलगाय घेऊन वर्गात आले. टेबलावर ठेवली आणि फळ्यावर लिहिलं — कॉक्लिएट. म्हणाले, या वळणाला विद्वान लोक असं म्हणतात. कानाच्या आतही हेच वळण असतं, आणि कविता आत शिरते ती तिथून फिरत फिरत. (आम्ही तेव्हा बर्फावरच्या कविता घामाघूम होऊन म्हणत असू. एकानंही बर्फ पाहिलेला नव्हता. तरी काय थंडी वाजायची!) चाळीस पोरं तो शब्द घेऊन घरी गेली, आणि गावानं त्याची शेपूट छाटून त्याला आपला केला.

केरीअ‍ॅन म्हणाली, वापर सांगा. घे म्हटलं लिहून. अ‍ॅलीन सुतार खिडकीच्या छज्ज्यावर लाकडाची जी गोल नक्षी कापायचा ती कॉक्ली. ओडेसा स्कीटची आई रविवारी तिच्या वेण्या वळून डोक्यावर बसवायची, त्या कॉक्ल्या. दोर गुंडाळून ठेवला तो कॉक्ली. डास पळवायला जाळतात ती हिरवी वेटोळी — दुकानात जाऊन नुसतं म्हणायचं, एक पाकीट कॉक्ली द्या. आणि जो माणूस मुद्द्यावर यायला संध्याकाळ करतो, त्याचं बोलणं कॉक्ली.

ती हसली. म्हणाली, "म्हणजे तुमच्यासारखं."

लिहून झाल्यावर वही मिटली आणि मग खरी गोष्ट काढली. हा शब्द तिला दुसरीकडे कुठेही मिळालेला नाही. एकाच माणसाच्या सांगण्यावर छापता येत नाही. सोरेल गॅपचा आणखी एक माणूस हवा, नात्यातला नको. मुदत एक डिसेंबर. त्यानंतर कोशात त्या अक्षराचे शब्द घेणं बंद.

बुधवार, १ नोव्हेंबर

जोसेलिन मिठाचा डबा घेऊन भाजीच्या वाफ्यात उतरली आहे. गोगलगायींनी कोबी फस्त केला. मी आत बसलो. मला ते बघवत नाही.

शुक्रवार, ३ नोव्हेंबर

आठवून आठवून यादी केली. आठ नावं लिहिली, सहा खोडली — सगळे मातीखाली. डार्नली ट्रॉटमन इंग्लंडला गेला म्हणतात. राहिली ओडेसा. तिचा पत्ता कुणाकडे नाही.

जोसेलिन मागे उभी राहून वाचत होती. हळूच म्हणाली, "डॅडी, रागावू नका. पण हा शब्द तुम्हीच रचला नसेल ना?"

मी रचतो हे खरं आहे. लहानपणी तिला झोपवताना चंद्राच्या सतरा बहिणींची नावं सांगायचो, ती सगळी माझीच. गेल्या महिन्यात चहाची किटली कपड्यांच्या कपाटात सापडली, हेही खरं. ती डॉक्टरकडे जाऊ म्हणते. जाऊ की! पण डॉक्टर काय सांगणार? सोरेल गॅप होतं की नव्हतं, हे कुठल्या यंत्रात दिसतं?

दिवसभर तेच डोक्यात. शब्द मी रचला असेल, तर मग मास्तर? टेबलावरची गोगलगाय? चिंच?

मंगळवार, ७ नोव्हेंबर

काल बाजारात एक मासेवाली बोलता बोलता म्हणाली, उत्तरेला सेंट लूसीत अशा गोल नक्षीचं एक घर आहे. आज जोसेलिनला न सांगता बस पकडली. दोन तास! शेजारच्या बाईनं मला अर्धी पाव-मच्छी दिली आणि तिच्या जावयाची पूर्ण कुंडली.

आणि घर सापडलं. स्कीटांचंच! निळं होतं, आता पिवळं आहे. पण छज्जा तोच, आणि छज्ज्यावर दोन कॉक्ल्या — एक डावीकडे वळलेली, एक उजवीकडे. मी भर रस्त्यात टोपी काढली. मग दारावर थाप मारून हाक दिली — ओडेसा! अगं ओडेसा!

दार उघडलं ते एका तरुण बाईनं. कडेवर मूल, हातात झारा. ओडेसा कोण ते तिला ठाऊक नव्हतं. मी तिलाच दटावलं — हे घर ओडेसाचं आहे, दरवाजाची ही तिसरी फळी तिच्या बापानं माझ्यासमोर बदलली. तिनं शांतपणे ऐकून घेतलं. मला बसवलं, तळलेला बेक दिला, पुरीसारखा, आणि म्हणाली, "काका, घर आलं. माणसं नाही आली."

आत सासूला विचारून आली — घर लॉरीवरच विकलं होतं म्हणे, वाटेतच, तिच्या सासऱ्यांना. स्कीट मंडळी ब्रुकलिनला गेली. ओडेसा तिथेच वारली, दहा वर्षं झाली.

मी घराच्या मागावर निघालो होतो. जिथे घर तिथे माणूस, असं सगळ्या सोरेल गॅपचं गणित. फळ्या ओळखतो आम्ही, माणसं हरवतो.

उठताना तिनं विचारलं, छज्जा कोण नीट करतो ते हवंय का? वर्षाआड एक म्हातारा येतो. सिक्स रोड्सला राहतो. कमी बोलतो. नाव ट्रॉटमन.

बुधवार, ८ नोव्हेंबर

डार्नली! आणि इंग्लंडला वगैरे काही नाही — बसनं चाळीस मिनिटांवर!

शनिवार, ११ नोव्हेंबर

जोसेलिननं गाडी काढली. एकटं सोडणार नाही म्हणाली, बसचं प्रकरण तिला कळलंय. वाटेत पुडिंग-अँड-सूस घेतलं, रताळ्याचं पुडिंग आणि लिंबातलं डुकराचं मांस, डार्नलीसाठीही एक डबा. मी खिडकीतून बाहेर पाहत जुन्या कविता म्हणत होतो. किती दिवसांनी इतका खूश होतो.

डार्नली शेडमध्ये रंधा मारत होता. पाठमोरा. मी नुसतं गुड मॉर्निंग म्हटलं. तो वळला नाही. "विनफील्ड गिटन्स," म्हणाला. आवाजावरून ओळखलं, सत्तावन्न वर्षांनी!

मी भडाभडा सगळं सांगितलं — रेडिओ, केरीअ‍ॅन, मुदत. म्हटलं, तू फक्त एवढं सांग की शब्द होता. फोनवर एक मिनिटाचं काम. रंधा थांबला. जोसेलिननंही विचारलं, अंकल, असा शब्द होता का हो?

"होता," तो म्हणाला. "पण मी नाही सां-सांगणार."

मला वाटलं थट्टा करतोय. हसलो. मग त्यानं भुसा झटकला, माझ्याकडे पाहिलं, आणि शाळेत उभे राहायचो तसा हात मागे बांधून म्हणाला —

बोलायला निघाला डार्नली,
पोचेपर्यंत संध्याकाळ झाली —
काय रे कॉक्ली, काय रे कॉक्ली!

त्या तीन ओळींत तो एकदाही अडखळला नाही.

ओळी माझ्या. बक्षीस समारंभात म्हटलेल्या. मला पाठांतराचं पहिलं बक्षीस मिळालं होतं, लोक म्हणाले आणखी एक होऊ दे, आणि मी तिथल्या तिथे रचून म्हटल्या. सगळी शाळा हसली. मास्तर हसले. डार्नलीची आई पुढच्या रांगेत होती.

मी हे विसरलो होतो? नाही. लक्षात होतं — मजेची गोष्ट म्हणून. जोसेलिनलाही कधीतरी सांगितली असेल.

पुढचं त्यानं तुटक तुटक सांगितलं. त्या दिवसानंतर त्याला कुणी नावानं हाक मारली नाही. दुकानदार, पाद्री, कुणीच नाही. अकराव्या वर्षी शाळा सोडली. बापानं अ‍ॅलीनकडे सुतारकामाला ठेवलं, तिथे पहिलं काम काय, तर छज्ज्यावरची वळणं कापायची. लोक येऊन बघत — कॉक्ली कॉक्ल्या कापतोय. म्हणून घरं हलली तेव्हा गाव हळहळलं, आणि तो एकटा आनंदात होता. इंग्लंडला कोण गेलं, म्हणाला. "तु-तुमच्यापासून गेलो. तेवढंच लांब."

मी माफी मागितली. तो म्हणाला, डबा घेऊन जा, मी सूस खात नाही.

परतताना जोसेलिननं डार्नलीचा डबा मागच्या सीटवर ठेवला, गाडी सुरू केली. मग म्हणाली, "तुम्ही रचला नव्हता, डॅडी. शब्द होता."

हो. डोकं ठिकाणावर आहे माझं.

रविवार, १२ नोव्हेंबर

चर्चला गेलो नाही. पाय दुखतात असं सांगितलं.

बुधवार, १५ नोव्हेंबर

कविता म्हणून बघतोय, जमत नाही. स्वतःचाच आवाज ऐकू येतो मध्ये. सकाळी वाफ्यात एक गोगलगाय होती, उचलून कुंपणापलीकडे ठेवली. शेजारी फोर्ड बघत होते. म्हणाले, माझ्या बागेत कशाला पाठवताय? खरंच की! परत उचलली. हातात धरून उभा राहिलो, दोन म्हातारे आणि एक गोगलगाय, कुणालाच पुढे काय करायचं ते सुचेना. शेवटी फोर्डच म्हणाले, द्या, रस्त्यापलीकडे सोडतो.

सोमवार, २० नोव्हेंबर

केरीअ‍ॅनचा फोन. मिळालं का कुणी? मुदत जवळ आली.

म्हटलं, तुला मी एक वापर सांगितला नव्हता. तोतऱ्या मुलाला चिडवायला. तो मीच सुरू केला. ती लिहून घेत होती, कळत होतं — कागदाचा आवाज. म्हणाली, काका, हाही अर्थच झाला. पण दुसरा माणूस लागेलच.

आहे एक, म्हटलं. पण तो सांगणार नाही, आणि मी पुन्हा विचारणार नाही. नाव तिनं विचारलं. दिलं नाही. मग शब्द जाईल म्हणाली. जाऊ दे.

फोन ठेवल्यावर जोसेलिन ओरडेल वाटलं. तिनं मॉबी आणून दिलं. या वेळी गोड होतं.

मंगळवार, २१ नोव्हेंबर

डार्नलीला पत्र टाकलं. साडेतीन ओळींचं. मागणी काही नाही. मुलीला तुझं नाव दिलं नाही, शब्द छापला जाणार नाही, आणि माझ्या त्या ओळी किती वाईट होत्या ते मला आता कळतं — एवढंच. पहिला मसुदा दोन पानांचा होता, त्यात उपमाही होत्या. फाडला. त्याच्याशी बोलताना तरी थेट बोलावं.

मंगळवार, २८ नोव्हेंबर

गुरुवारी स्वातंत्र्यदिन, म्हणून कॉन्की करायच्या. मी नारळ आणि भोपळा किसतो, जोसेलिन केळीची पानं विस्तवावर फिरवते. पानात बांधताना माझ्या पुड्या सुटतात. "तुम्ही कविताच करा," म्हणाली. पत्राला उत्तर नाही. येणारही नाही, आणि ते बरोबरच आहे. बोट किसलं थोडं.

गुरुवार, ३० नोव्हेंबर

दुपारी दारावर थाप. फोर्ड असतील म्हणून जोसेलिन कॉन्की घेऊनच गेली, आणि दारातूनच मला हाक मारली, आवाज बदललेला.

डार्नली. कोट, टाय, हॅट छातीशी धरलेली. घामानं निथळत होता, दोन बस बदलून आलेला. आत यायच्या आधीच म्हणाला, "पो-पोरीला फोन लाव. शब्द माझाही आहे. पण माझा अर्थ पहिला लि-लिहायचा. नक्षी नंतर."

केरीअ‍ॅन सुट्टी असूनही लगेच फोनवर आली. फोन टेबलावर ठेवला. तो अर्थ सांगायला डार्नलीला बराच वेळ लागला. एकेका शब्दाशी अडला, मागे गेला, पुन्हा आला. काही शब्द मला आधीच कळले होते, ओठांवर आले होते.

मी मध्ये बोललो नाही.