तिसऱ्या हाकेची ओ

लोणावळा,
८ डिसेंबर २०२४

ती. सरुमावशीस,
मारुतीचा शिरसाष्टांग नमस्कार.

इकडे ठीक. धुकं आहे, थंडी बेताची. पप्पूबरोबर पाठवलेले नवे इंद्रायणी तांदूळ पोचले. अजून शिजवले नाहीत. का, तेच लिहायला बसलो आहे. समीक्षा, बाळा, तुझ्या बाबाचं लिहिलंय, पण वाचताना मध्ये थांबू नकोस. आजीला सगळं ऐकू जाऊ दे.

फिल्म पुरी होत आली. येत्या रविवारी कामशेतला शाळेत दाखवणार. फिल्मवाल्या साहेबांनी तुला त्यातला आवाज फोनवर ऐकवला, हे मला काल कळलं. भिमाजीच्या तीन हाका आणि मग 'ओ'. तू साऱ्या आळीला सांगितलंस म्हणे, "माझ्या लेकाला शेवटाला मारुतीनं ओ दिली. येकला न्हाई गेला त्यो." म्हणून तांदूळ.

मावशी, ती दुपार तुला कधी नीट सांगितली नाही. हिमालयात, सहा हजार मीटरवर, बर्फाच्या धारेवर आम्ही दोघंच होतो. भिमाजी कॅमेरा घेऊन पुढे, मी आवाजाचं यंत्र घेऊन साठ पावलं मागे. माईक त्याच्या कॉलरला, आवाज माझ्या हेडफोनमध्ये. निघताना म्हणाला, "मारुत्या, शिव्या आल्या तर काढून टाक रं, म्हातारी पिच्चर बघनार हाय." मग धुकं आलं. स्वतःचा हात दिसेना.

पहिली हाक आली, "मारुत्याऽ". मी गप्प. दुसरी आली. मी गप्पच. आंदर मावळात गुरांमागे हिंडायचो तेव्हा तूच आम्हा दोघांना सांगितलं होतंस, "धुक्यात पयल्या-दुसऱ्या हाकंला ओ दिऊ नगा. माणूस असंल तर तीनदा हाक मारील. दुसरं काय असंल ते तिसरी मारत न्हाई." हेडफोनमधल्या आवाजाला दिशा नसते. तो मला त्याचा वाटेना. भ्यालो. हेडफोन काढला आणि डोळे मिटून मनात विठ्ठलाचं नाव घेत बसलो. वारा माझ्याकडून त्याच्याकडे होता. ओ दिली असती तर पोचली असती. त्या अंदाजाने तो मागे आला असता.

तिसरी हाक त्याने मारली होती, हे मला इथे लोणावळ्यात, फिल्म जोडताना कळलं.

आणि त्यानंतर ती ओ. सगळे म्हणतात, आवाज माझा. मलाही तसाच वाटतो. पण मी तोंड उघडलं नव्हतं, मावशी. वीस वर्षं हेच काम करतो. साठ पावलांवरची ओ वाऱ्यात विरून बारीक येते. ही भरलेली आहे. कॉलरपासून हातभर अंतरावरची. त्यावर भिमाजी हसतो, "आलो," म्हणतो. मग बर्फावर सात पावलं. मग नुसता वारा.

साहेबांना सांगितलं, ती ओ माझी नाही. ते म्हणाले, "मारुतीराव, दुःखात माणूस विसरतो." फिल्ममध्ये ती ठेवायची की काढायची, तू सांग. तू म्हणशील तसं ते करतील.

तांदूळ या पत्राबरोबर परत पाठवतो आहे. रविवारी मी शाळेच्या दाराबाहेर उभा असेन. आत बोलवावंसं वाटलं तर एकदाच हाक मार. तिसरीची वाट बघणार नाही.

तुझ्या भिमाजीला ओ न दिलेला,
मारुती