वीस–अठरा

४ मार्च

प्रशिक्षिकेने आज काम गळ्यात मारलं. संघाला पंधरा वर्षं होताहेत, स्मरणिका काढायची — आणि विभागाच्या महिला रग्बी संघाचा इतिहास म्हणे मी लिहायचा! मीच का? तर, "आपल्यात सगळ्यात जुनी हाडं तुझी." हिची स्वतःची हाडं माझ्याहून दोन वर्षांनी मोठी! सात वर्षं स्क्रममध्ये माझ्या खांद्याला खांदा लावून ढकलत होती. गुडघा गेला तेव्हा गळ्यात शिट्टी अडकवली. पण तिच्याशी वाद कोण घालणार.

६ मार्च

निकालांची वही तिच्याकडून आणली. पहिला सामना — शून्य–चौऱ्याहत्तर. आठवतो ना! साठ झाल्यावर पंचच सारखे घड्याळाकडे बघायला लागले. पंधरा जणी लागतात, आम्ही तेरा. म्हणून दोघी उसन्या आणल्या. त्यातली एक हॉकीवाली, ती चेंडू दिसला की पायाने अडवायची.

पहिला ट्राय दुसऱ्या वर्षी. कोणी केला ते वहीत नाही. मी नाही एवढं नक्की. पंधरा वर्षांत एकही केलेला नाही. मी प्रॉप — स्क्रमच्या पहिल्या ओळीत मान घालायची आणि ढकलायचं. चेंडू घेऊन रेषेपलीकडे झेपावणाऱ्या, तो जमिनीला टेकवून ट्राय करणाऱ्या वेगळ्या. त्याचं कधी वाईट वाटलं नाही. (हे स्मरणिकेत नको. खोटं आहे.)

१० मार्च

उपांत्य सामना जिंकलो! पाचव्यांदा अंतिम फेरी. आधीच्या चारही वेळा नदीपलीकडच्या विभागाने पाणी पाजलं. या वेळी समोर पुन्हा तेच.

सासूबाई भाजी निवडत होत्या. म्हणाल्या, "आमच्या वेळी बायका नळावर एकमेकींना ढकलायच्या. तुमच्यात त्याला कप देतात होय?"

म्हटलं, जिंकलं तर देतात.

"मग आणा की एकदा. दर वेळी नुसते धुवायचे कपडे आणता."

१५ मार्च

कामावर, इस्पितळाच्या लॉन्ड्रीत, इस्त्रीच्या रोलरमध्ये चादर दुमडून गेली. वॉर्डातून फोन — चादरी कुठे आहेत? आठ वर्षांत असं पहिल्यांदा. लक्ष कुठे होतं ते सांगायला नकोच.

१७ मार्च

जिंकलो. वीस–अठरा!

चार मिनिटं उरली होती, आम्ही तीनने मागे. त्यांच्या रेषेपासून पाच मीटरवर स्क्रम. ढकललं. चेंडू माझ्याकडे आला, मी रेषेपलीकडे पडले. शिट्टी. ट्राय — पाच गुण.

पोरी अंगावर पडल्या. बाकीचं उद्या लिहीन.

१८ मार्च

लिहिण्यासारखं विशेष काही नाही.

लॉन्ड्रीत सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. नवरा शाळेची बस चालवतो, त्याने बसमधल्या प्रत्येक पोराला सांगितलं. सासूबाईंनी दोन दिवसांसाठी घरी आणलेला कप कोरड्या फडक्याने पुसला. शेजारीण आली की म्हणतात, "आमच्या हिने मिळवलाय." पंधरा वर्षांत मला पहिल्यांदा 'आमची ही' म्हणाल्या.

२२ मार्च

इतिहास लिहून झाला. शेवटचा परिच्छेद तेवढा राहिलाय.

प्रशिक्षिकेचा फोन — "छापखाना थांबलाय." मनगट दुखतंय म्हटलं. एरवी म्हणाली असती, डाव्या हाताने लिही. आज म्हणाली, "बरं. सावकाश दे." आणि ठेवला.

२६ मार्च

आता खरं लिहिते. निदान इथे तरी.

चेंडू टेकलाच नाही. मी पडत होते, हात रेषेच्या पुढे गेला, आणि चेंडू बोटांतून निसटला. वीतभर पुढे उडाला — हातातून असा पुढे सुटला की ट्राय नाही. मग त्याच्यावर छाती पडली. पंच ढिगाऱ्याच्या पलीकडच्या बाजूला होते. धावत आले तेव्हा चेंडू माझ्याखाली, रेषेपलीकडे. त्यांना जे दिसलं ते त्यांनी दिलं. त्यांची काही चूक नाही.

तोंड उघडायला एक क्षण होता. त्या क्षणात मी काय केलं? डोळे मिटून घेतले. वाटलं, एक तरी. पंधरा वर्षांत एक तरी.

सामन्यानंतर त्यांची प्रॉप आली. अकरा वर्षं आम्ही एकमेकींच्या मानेवर मान घालून ढकलतोय. तिच्या घामाचा वास मला ओळखू येतो, आणि घरात कोण कोण आहे ते ठाऊक नाही! डोळे लाल. माझा हात दोन्ही हातांत धरून म्हणाली, "अखेर तुमची पाळी आली गं. हरायचंच तर तुझ्याकडून हरलो, बरं झालं."

तिने चार शिव्या दिल्या असत्या तर आज शांत झोपले असते.

आता निकाल बदलत नाही, नियम ठाऊक आहे मला. म्हणूनच तर गप्प बसणं इतकं सोपं.

२७ मार्च

कामावरून थेट प्रशिक्षिकेच्या घरी गेले. दारातच सगळं सांगून टाकलं, चपलाही काढल्या नव्हत्या.

तिने मला आत ओढून दार लावलं. मग म्हणाली, "मी मैदानाच्या त्याच कोपऱ्यात उभी होते. मला दिसलं होतं."

दहा दिवस! तीही!

"पंधरा वर्षं गं," एवढंच म्हणाली. मग तिने फोन काढला, त्यांच्या प्रॉपचा नंबर लावला आणि आमच्या दोघींच्या मधे टेबलावर ठेवला. पलीकडून "हॅलो" आलं, आणि आम्ही दोघी एकदमच बोलायला लागलो.